माऊस टाकून देण्यापूर्वी: तो कसा चालतो, कुठे अडतो आणि घरच्या घरी कसा दुरुस्त करावा

एकदा क्लिक केले असता दोनदा लागते, चाक खाली फिरवले असता पान मध्येच वर उसळते, किंवा हात स्थिर असतानाही पडद्यावरचा बाण थरथरत राहतो. या तीनपैकी एखादी तक्रार सुरू झाली की बहुतेक घरांत आणि कार्यालयांत जुना माऊस कचऱ्यात जातो आणि नवा विकत आणला जातो. यांपैकी बऱ्याच माऊसमध्ये बिघडलेला असतो तो एकच लहानसा भाग, आणि अनेकदा तो बिघडलेलाही नसून केवळ मळलेला असतो. कोणत्या तक्रारीचे मूळ कोणत्या भागात आहे हे ओळखता आले, तर दुरुस्तीला अर्धा तास आणि थोडा संयम पुरतो. ती ओळख पटण्यासाठी आधी माऊस आतून कसा चालतो हे समजून घ्यावे लागते. म्हणून या लेखाची सुरुवात पेचकस हातात घेण्यापासून नव्हे, तर तिथून केली आहे.

माऊस संगणकाला नेमके काय सांगतो

पडद्यावरचा बाण कुठे आहे हे माऊसला मुळीच माहीत नसते. संगणक त्याला ठरावीक कालांतराने, साध्या यूएसबी माऊसच्या बाबतीत साधारण दर ८ मिलिसेकंदांनी, विचारणा करतो आणि माऊस दर वेळी एवढेच उत्तर देतो: मागच्या विचारणेनंतर मी आडवा इतके टप्पे सरकलो, उभा इतके टप्पे सरकलो, चाक इतके दाते फिरले आणि अमुक बटणे या क्षणी दाबलेली आहेत. अगदी मूलभूत स्वरूपात हे उत्तर केवळ तीन बाइटांत मावते. पहिल्यात बटणांची स्थिती असते, दुसऱ्यात आडवे अंतर आणि तिसऱ्यात उभे. या टप्प्यांची बेरीज करून बाण कुठे काढायचा, हे काम संगणकाचे असते.

माऊस केवळ फरक कळवतो, म्हणूनच तो टेबलाच्या कडेला पोहोचल्यावर उचलून पुन्हा मध्यभागी ठेवला तरी बाण जागचा हलत नाही. टचस्क्रीन किंवा चित्रकारांची पेनाची पाटी मात्र फरक न कळवता प्रत्यक्ष जागा कळवते. सापेक्ष आणि निरपेक्ष हा भेद लक्षात ठेवला, तर पुढे वेगाच्या मांडणीविषयी जे सांगितले आहे ते सहज उमजेल.

आडवे आणि उभे अंतर वेगवेगळे मोजण्याची ही कल्पना माऊसच्या जन्मापासूनची आहे. कॅलिफोर्नियातील स्टॅनफर्ड रिसर्च इन्स्टिट्यूटमध्ये डग्लस एंगेलबार्ट यांच्या संकल्पनेवरून बिल इंग्लिश यांनी १९६४ मध्ये जो पहिला माऊस तयार केला, तो लाकडी पेटीचा होता आणि त्याच्या तळाशी एकमेकांशी काटकोनात बसवलेली दोन चाके होती. एक आडवी हालचाल मोजत असे, दुसरे उभी. ९ डिसेंबर १९६८ रोजी सॅन फ्रान्सिस्को येथे त्याचे जाहीर प्रात्यक्षिक झाले आणि १७ नोव्हेंबर १९७० रोजी त्याला पेटंट मिळाले. पुढे दोन चाकांच्या जागी गोळी आणि तिला टेकलेले दोन रूळ आले. ज्यांनी तो गोळीचा माऊस वापरला आहे, त्यांना त्या रुळांवर बसणारा काळपट मळाचा पट्टा नखाने खरवडल्याचे नक्की आठवत असेल.

आजच्या माऊसच्या पोटात गोळीऐवजी एक छोटा कॅमेरा असतो. तळाच्या छिद्रातून एलईडीचा प्रकाश टेबलावर तिरका पडतो, त्यामुळे कागदाचे तंतू, लाकडाचे रंध्र आणि कापडाचे धागे यांच्या सूक्ष्म सावल्या उमटतात आणि एका भिंगातून त्या सावल्यांचे चित्र सेन्सरवर पडते. साध्या माऊसमध्ये पूर्वी सर्रास वापरल्या जाणाऱ्या सेन्सरांपैकी एकाचे चित्र उणेपुरे १८ गुणिले १८ ठिपक्यांचे, पण तो अशी सुमारे दीड हजार चित्रे एका सेकंदात घेतो. आधीचे चित्र नंतरच्या चित्राशी ताडून पाहिले की सावल्यांची नक्षी कोणत्या दिशेला आणि किती सरकली हे कळते. कशाची तरी नक्षी दिसल्याशिवाय माऊसला हालचाल कळू शकत नाही, ही गोष्ट पुढच्या निदानासाठी सर्वांत महत्त्वाची आहे.

बटणे आणि चाक यांचा सेन्सरशी काहीही संबंध नसतो. प्रत्येक मुख्य बटणाखाली एक स्वतंत्र मायक्रोस्विच, म्हणजे दाब ओळखणारा छोटा स्विच, असतो आणि चाकाच्या आसाला एक एन्कोडर, म्हणजे चाक किती आणि कोणत्या दिशेला फिरले हे मोजणारा भाग, जोडलेला असतो. सेन्सर, स्विच आणि एन्कोडर हे तीन स्वतंत्र अवयव आहेत, आणि सुरुवातीला सांगितलेल्या तीन तक्रारी याच तीन अवयवांच्या आहेत.

पहिली पायरी: माऊस न उघडता निदान

सर्वप्रथम माऊस दुसऱ्या संगणकाला जोडून पाहावा. तक्रार तिथेही तशीच दिसली, तर दोष माऊसचा. तिथे नाहीशी झाली, तर आपल्या संगणकाची यूएसबीची जागा बदलून पाहावी. ही साधी तपासणी वगळून थेट माऊस उघडणारे अनेक जण मी पाहिले आहेत, आणि त्यांतील काहींच्या बाबतीत दोष सैल झालेल्या जोडणीतच निघाला.

क्लिकची तक्रार असेल, तर सेटिंग्जमधील माऊसच्या पानावर जाऊन मुख्य बटण डावीकडून उजवीकडे करावे आणि पाच-दहा मिनिटे उजव्या बटणाने काम करावे. दुहेरी क्लिक थांबले, तर डाव्या बटणाचा स्विच झिजला आहे असे समजावे. तरीही ते सुरूच राहिले, तर दोष स्विचचा नसून सेटिंग्जचा किंवा एखाद्या प्रोग्रामचा असण्याची शक्यता अधिक. आणखी एक खात्रीची कसोटी अशी, की एखादे फोल्डर बटण दाबून धरून पडद्यावर सावकाश गोल फिरवावे. ते मध्येच हातातून सुटले, तर दाबलेल्या अवस्थेतही स्विचचा संपर्क क्षणभर तुटत आहे हे सिद्ध होते.

माऊस पूर्णपणे बंद पडला असेल आणि विंडोजवर सेटिंग्जपर्यंत पोहोचणेही अवघड झाले असेल, तर डावे ऑल्ट, डावे शिफ्ट आणि नम लॉक या तीन कळा एकत्र दाबाव्यात. त्यानंतर येणाऱ्या प्रश्नाला एंटर दाबून होकार दिला की कीबोर्डच्या उजव्या बाजूच्या अंकांच्या कळांनी बाण हलवता येतो आणि ५ या कळेने क्लिक करता येते. अडीअडचणीला ही सोय फार उपयोगी पडते.

बाण थरथरतो किंवा उडी मारतो, तेव्हा

माऊसखाली साधा पांढरा कागद किंवा वर्तमानपत्राची घडी ठेवावी. थरथर थांबली, तर माऊस निर्दोष आहे आणि अडचण पृष्ठभागाची आहे. आपल्याकडील संगणकाच्या टेबलांवर चकचकीत सनमायका किंवा काच असते. आरशासारख्या गुळगुळीत भागावर सावल्याच पडत नाहीत आणि पारदर्शक काचेवर तर सेन्सरला पाहण्यासारखे काही उरतच नाही. अशा ठिकाणी कापडी माऊसपॅड हाच खरा उपाय आहे. एकरंगी आणि चमक नसलेल्या विणीचे पॅड घ्यावे, कारण ठळक चित्रे आणि चमकदार छपाई असलेल्या पॅडवर काही सेन्सर रंगांच्या सीमारेषेवर अडखळतात.

कागदावरही थरथर कायम राहिली, तर माऊस उलटा करून तळाचे छिद्र उजेडात पाहावे. तिथे अडकलेला एखादा केस किंवा कापसाचा तंतू सेन्सरच्या दृष्टिक्षेत्रात हलत राहतो आणि माऊसला त्याचीच हालचाल दिसते. कोरड्या मऊ ब्रशने किंवा फुंकणीने तो काढावा. कानकाडीला आयसोप्रोपिल अल्कोहोलचा किंचित ओलावा देऊन भिंग हलक्या हाताने पुसावे; मात्र ओल ठिबकेल इतके द्रव वापरू नये. हातांचे सॅनिटायझर येथे चालत नाही, कारण त्यातील ग्लिसरीनचा चिकट थर मागे राहतो. अनेक माऊसचा प्रकाश अवरक्त असल्यामुळे तळाशी लाल उजेड दिसला नाही म्हणजे माऊस मेला असे समजू नये. ज्यांच्या पोटात लेसर आहे, त्यांच्या छिद्रात डोळा लावून पाहणे टाळावे.

याच वेळी तळाचे पायही पाहून घ्यावेत. त्या गुळगुळीत चकत्या झिजल्या किंवा एक गळून पडली, की माऊस तिरका बसतो, भिंगाचे टेबलापासूनचे ठरलेले अंतर बिघडते आणि चित्र धूसर होते. हे अंतर अनेक माऊसमध्ये जेमतेम अडीच मिलिमीटरांचे असते, त्यामुळे अर्ध्या मिलिमीटरचा फरकही सेन्सरला जाणवतो.

एका क्लिकचे दोन होतात, तेव्हा

हा बिघाड सर्वांत जास्त आढळतो आणि सर्वांत कमी समजून घेतला जातो, म्हणून येथे थोडे थांबतो.

मायक्रोस्विचच्या आत तांब्याच्या मिश्रधातूची एक पातळ, ताणून बसवलेली पट्टी असते. बटण दाबले की ती झटक्यात खाली उडी घेते आणि संपर्कबिंदूवर आदळते. आपल्याला ऐकू येणारा टिक आवाज त्या उडीचा असतो. कोणतीही धातूची पट्टी आदळल्यावर काही क्षण उसळते, म्हणून माऊसमधील चिप पहिल्या संपर्कानंतर काही मिलिसेकंद येणारे उसळीचे संकेत मुद्दाम दुर्लक्षित करते. नवा स्विच त्या मुदतीत स्थिर होतो. वर्षानुवर्षांच्या वापराने पट्टीचा ताण सैल होतो, संपर्कबिंदूवर ऑक्साइडचा थर बसतो आणि उसळी त्या मुदतीपलीकडे जाते. मग चिपला एकाच दाबात दोन वेगळे दाब दिसतात. समुद्रकाठच्या दमट हवेत हा थर लवकर साचणे स्वाभाविक आहे.

माऊस उघडण्यासाठी लहान फिलिप्स पेचकस, एक पातळ प्लॅस्टिकची पट्टी आणि सुटे भाग ठेवायला एक वाटी एवढे साहित्य पुरते. वायरलेस माऊसचे सेल आधी काढावेत आणि वायरच्या माऊसची यूएसबी आधी सोडवावी. स्क्रू बहुधा तळाच्या चकत्यांखाली किंवा छापील लेबलाखाली दडलेले असतात. लेबलावरून बोट फिरवले असता जिथे खळगा लागतो, तिथे स्क्रू आहे असे समजावे. चकत्या नखाने एकदम न ओढता केस वाळवण्याच्या यंत्राने थोड्या गरम कराव्यात, म्हणजे डिंक सैल होतो आणि त्या दुमडत नाहीत. स्क्रू निघाल्यावरही वरचे झाकण पुढच्या बाजूला खाचांत अडकलेले असते. ते मागून वर उचलून पुढे सरकवावे. काही माऊसमध्ये झाकण आणि तळ एका नाजूक पट्टीवायरने जोडलेले असतात, म्हणून झाकण हिसडा देऊन काढू नये. प्रत्येक टप्प्यावर मोबाइलने छायाचित्र काढून ठेवावे, कारण चाकाखालची स्प्रिंग नेमकी कशी बसली होती हे तासाभराने कोणालाही आठवत नाही.

तात्पुरता उपाय म्हणून स्विचच्या वरच्या लहान कळीच्या कडेने आयसोप्रोपिल अल्कोहोलचा किंवा इलेक्ट्रॉनिक कामासाठीच्या कॉन्टॅक्ट क्लीनरचा एक थेंब सोडावा, ती कळ पन्नास-साठ वेळा दाबावी आणि पूर्ण वाळू द्यावी. ऑक्साइडचा थर हेच कारण असेल तर यानेच काम भागते. पट्टीचा ताण गेला असेल, तर तक्रार काही आठवड्यांत परत येते आणि मग स्विच बदलावाच लागतो.

बदलण्यासाठी सोल्डरिंग, म्हणजे धातू वितळवून डाक देणे, येणे आवश्यक आहे. स्विचचे तीन पाय बोर्डाच्या मागील बाजूस डाक देऊन बसवलेले असतात. प्रत्येक पायावर थोडा नवा सोल्डर लावून जुना वितळवावा, सक्शन पंपाने ओढून घ्यावा आणि स्विच अलगद सोडवावा. पाय गरम असतानाच तो ओढला, तर बोर्डावरील तांब्याचा पत्रा उखडून येण्याचा धोका असतो. नवा स्विच बसवताना कळ जुन्याच बाजूला आहे याची खात्री करावी, कारण तो उलटा बसला तर बटणाचा दांडा कळीवर टेकतच नाही. मुंबईत लॅमिंग्टन रोडला आणि पुण्यात बुधवार पेठेतील तापकीर गल्लीत इलेक्ट्रॉनिक भागांची दुकाने आहेत. जुना स्विच सोबत नेऊन त्याच मापाचा मागावा.

नवा स्विच मिळत नसेल, तर एक युक्ती मला फार आवडते. बहुतेक माऊसमध्ये उजव्या बटणाचा स्विच डाव्यासारखाच असतो, पण डाव्याच्या तुलनेत त्याचा वापर फार थोडा झालेला असतो. दोन्ही काढून त्यांची अदलाबदल केली, की जवळजवळ नवा स्विच डावीकडे येतो आणि झिजलेला उजवीकडे जातो, जिथे दुहेरी क्लिकचा उपद्रव क्वचितच जाणवतो.

चाक फिरवले असता पान उलटे उसळते, तेव्हा

चाकाच्या एन्कोडरमध्ये दोन संपर्क असतात आणि ते मुद्दाम एकमेकांपासून पाव पावलाच्या अंतराने बसवलेले असतात. चाक पुढे फिरले तर पहिला आधी जुळतो आणि दुसरा नंतर. मागे फिरले तर हा क्रम उलटतो. दिशा केवळ या क्रमावरून ठरते. एका संपर्कावर धूळ किंवा वंगणाचा घट्ट झालेला थर बसला, की त्याचा संकेत उशिरा पोहोचतो, क्रम उलटा वाचला जातो आणि पान विरुद्ध दिशेला जाते. प्रकाशाच्या साहाय्याने मोजणाऱ्या एन्कोडरमध्ये हेच काम चाकाच्या खाचांमधून आरपार जाणारा अवरक्त किरण करतो, आणि तिथे चाकाच्या खाचेत अडकलेला एकटा केसही पुरेसा ठरतो.

माऊस उघडल्यावर चाक वर उचलून बाहेर काढावे आणि त्यावरचा मळ पुसावा. खाचा किरणाच्या मार्गात येत असतील, तर त्या ब्रशने साफ कराव्यात. संपर्काचा एन्कोडर असेल, तर त्याच्या फटीत कॉन्टॅक्ट क्लीनरचा एक थेंब सोडून चाकाचा आस दोन्ही दिशांना अनेकदा फिरवावा. गंज सोडवणारे तेल येथे कधीही फवारू नये. ते आज उपयोगी पडल्यासारखे वाटते, पण त्याच्या चिकटपणावर पुढे दुप्पट धूळ बसते.

वायरलेस माऊस अडखळतो, तेव्हा

सेल बदलूनही बाण अडखळत असेल, तर रिसीव्हर, म्हणजे संगणकात लावलेला माऊसचा छोटा यूएसबी तुकडा, कुठे लावला आहे ते पाहावे. वायरलेस माऊस बहुधा २.४ गिगाहर्ट्झच्या पट्ट्यात बोलतो, आणि यूएसबी ३.० च्या जोडणीतून वेगाने माहिती जाताना याच पट्ट्यात रेडिओ गोंगाट निर्माण होतो. बाहेरची हार्डडिस्क चालू असतानाच बाण अडखळतो, असा अनुभव येण्याचे कारण हेच आहे. रिसीव्हर साध्या यूएसबी २.० च्या जागेत लावावा, किंवा हातभर लांबीच्या एक्स्टेंशन वायरने माऊसजवळ आणून ठेवावा. वायरच्या माऊसमध्ये अशीच लक्षणे दिसली, तर वायर माऊसच्या तोंडाशी जिथे सतत वाकते तिथे बोटाने हलवून पाहावी; आतली तार तिथेच तुटते.

टचपॅड आणि घराचे अर्थिंग

लॅपटॉपच्या टचपॅडखाली आडव्या-उभ्या विद्युतवाहक पट्ट्यांची जाळी असते. दोन पट्ट्यांच्या छेदावर अत्यंत अल्प विद्युतधारिता, म्हणजे विद्युतभार साठवण्याची क्षमता, असते. बोट जवळ आले की त्यातील थोडे विद्युतक्षेत्र शरीराकडे वळते आणि त्या छेदावरील बदलावरून बोटाची जागा कळते. तुमचे शरीर येथे परिपथाचाच भाग बनते, म्हणून घामट किंवा तेलकट बोटांनी टचपॅड गोंधळतो.

चार्जर लावताच बाण थरथरू लागतो, ही तक्रार आपल्याकडे फार ऐकू येते. चार्जर काढून बॅटरीवर चालवले असता बाण शांत झाला, तर टचपॅड निर्दोष आहे. दोन पिनांच्या चार्जरमधून किंवा अर्थिंग नसलेल्या तीन पिनांच्या सॉकेटमधून येणारा विद्युत गोंगाट लॅपटॉपच्या संपूर्ण शरीरावर पसरतो आणि बोटाच्या अल्प बदलात मिसळतो. धातूच्या झाकणाला हात लावल्यावर मुंग्या येतात, तेही याचेच लक्षण असते. तीन पिनांचा मूळ चार्जर वापरावा आणि सॉकेटचे अर्थिंग वायरमनकडून तपासून घ्यावे. तो खर्च केवळ टचपॅडसाठी नाही, घरातील माणसांसाठी आहे.

टचपॅड दाबताना अचानक घट्ट लागू लागला, त्याची एक कड वर आल्यासारखी दिसली किंवा लॅपटॉप टेबलावर डुगडुगू लागला, तर दुरुस्तीचा कोणताही प्रयत्न करू नये. खालची बॅटरी फुगली असण्याची मोठी शक्यता असते. लॅपटॉप बंद करावा, चार्जिंग थांबवावे, टचपॅड दाबू नये आणि तो थेट दुरुस्ती केंद्रात न्यावा.

शेवटची पायरी: वेग मोजून बसवणे

दुरुस्तीनंतर चकत्या चिकटवण्याआधी माऊस जोडून सर्व बटणे आणि चाक तपासून घ्यावे. नंतर वेगाकडे वळावे. माऊस एक इंच सरकल्यावर जितके टप्पे कळवतो त्या संख्येला डीपीआय म्हणतात, आणि ती घरी मोजता येते. विंडोजमध्ये ‘एन्हान्स पॉइंटर प्रिसिजन’ हा पर्याय बंद करावा, कारण तो हाताच्या गतीनुसार बाणाचे अंतर बदलतो आणि मोजमाप बिघडवतो. वेगाची पट्टी मूळ मधल्या स्थानावर ठेवावी. बाण पडद्याच्या डाव्या कडेला टेकवून माऊसच्या कडेशी कागदावर पेन्सिलीने खूण करावी, मग माऊस सरळ उजवीकडे सरकवत बाण उजव्या कडेला पोहोचताच थांबावे आणि दुसरी खूण करावी. पडदा १९२० ठिपके रुंद असेल आणि दोन खुणांमध्ये ६.१ सेंटिमीटर, म्हणजे २.४ इंच, अंतर भरले, तर १९२० भागिले २.४ म्हणजे सुमारे ८०० डीपीआय झाले. हे मोजमाप तीनदा घेऊन सरासरी काढावी.

लहान लक्ष्य आणि लांबचे अंतर यांमुळे हाताला अधिक वेळ लागतो, हे पॉल फिट्स यांनी १९५४ मध्येच सूत्ररूपात मांडले आहे. डीपीआय फार वाढवली तर लांबचे अंतर लवकर कापले जाते, पण शेवटी बारीक बटणावर नेमके थांबणे कठीण होते. फार कमी केली तर मनगट आणि खांदा यांना विनाकारण श्रम होतात. लिखाण आणि हिशेबाच्या कामासाठी मी वेग अशा बेताने ठेवतो, की कोपर टेकलेले असताना केवळ मनगटाच्या आणि पुढच्या हाताच्या हालचालीने बाण पडद्याच्या एका कडेपासून दुसऱ्या कडेपर्यंत जावा आणि माऊस एकदाही उचलावा लागू नये. बसवलेला वेग किमान दोन दिवस वापरून पाहावा. पहिल्या तासात हाताला तो परकाच वाटतो.